मागची डमी

जेवणं उरकून मी गॅरेजच्या पायरीवर बसले होते. तेवढ्यात एका ट्रॅक्टरनं दोर लावून ओढत आणलेली हिरवी जीप आमच्या दारात येऊन थांबली. स्टिअरिंगवर बसलेल्या माणसाच्या डाव्या हाताला मनगटापासून कोपरापर्यंत ओलं फडकं गुंडाळलेलं होतं. शेजारची बाई तांब्यातलं पाणी त्या फडक्यावर सारखी शिंपडत होती.

"महिपती मिस्त्रींची लेक ती तूच न्हवं?" उतरता उतरता त्यानं विचारलं.

मी उभी राहिले. चिपळुणात मला कुणी महिपती मिस्त्रींची लेक म्हणत नसे. इथं मी प्रभाकर पांचाळांची बायको होते, आणि बऱ्याच लोकांच्या लेखी पाना घेऊन गाडीखाली शिरणारी बाई.

"हो. मी शैला."

"मी हिंदुराव साळुंखे. पाटणजवळचा. ही आमची तारा. लेकीची सुपारी फोडाय खाली आलो हुतो. परत जाताना कुंभार्ली घाटात गाडी उकळली. रेडिएटरचं झाकण उघडाय गेलो, तर सगळी वाफ हातावर. लोक म्हणले, चिपळुणात ढीगभर गॅरेज हायती, कुठंबी टाका. मी म्हणलं, न्हाई, मिस्त्रींच्या लेकीकडंच न्या."

हे आतून हात पुसत बाहेर आले. फडकं उचलून त्यांनी हात पाहिला आणि म्हणाले, "आधी डॉक्टर, मग गाडी." हिंदुरावांचं नाही नाही चाललेलं असतानाच ह्यांनी त्यांना स्कूटरवर मागं बसवून नेलंसुद्धा. ताराबाई माझ्यापाशी राहिल्या. मी त्यांना स्टूल दिलं आणि जीपचं बॉनेट उघडलं.

"पाण्याचंच काहीतरी असणार," मी म्हणाले.

"पाण्याचं कसं असंल? दिवाळीच्या आधीच तुझ्या वडलांनी सगळ्या डम्या नव्या बसवल्यात. हे म्हणले सुद्धा, आता धा वर्षं बघाय नको."

डमी म्हणजे काय, हे गाडीत नुसतं बसणाऱ्यांना ठाऊक नसतं. इंजिनाच्या ब्लॉकमध्ये पाणी खेळायला पोकळी असते आणि तिला बाहेरच्या अंगानं गोल भोकं असतात. ती भोकं पत्र्याच्या छोट्या वाट्या ठोकून बुजवतात. थंड मुलखात म्हणे पाणी गोठून फुगलं की कधी कधी ही वाटी आधी निसटते आणि इंजिन वाचतं. आमच्याकडं पाणी कुठलं गोठायला. पण विहिरीचं खारं पाणी वर्षानुवर्षं रेडिएटरमध्ये ओतत राहिलं की वाटी आतून गंजते, पातळ होते आणि एक दिवस फुटते.

मी ब्लॉकच्या बाजूला दिवा धरला. पुढच्या डम्या नव्या होत्या. कड सगळीकडून सारखी आत गेलेली, कुठं वाकडी नाही, ठोकल्याचा व्रण नाही. आप्पांचंच काम. ते बघून मला बरं वाटलं. माहेरचं माणूस बाजारात अचानक दिसावं, तसं.

ओघळ मात्र मागून आलेला होता. शेवटची डमी अगदी मागं असते, गिअरबॉक्सला लागून, एक्झॉस्टच्या जाड नळकांड्यांआड. नजरेला ती दिसत नाही. तिथं पोहोचायचं तर ती नळकांडी, म्हणजे मॅनिफोल्ड, उतरवावी लागतात. नाहीतर हात लहान असावा लागतो. माझा आहे.

इंजिन निवल्यावर मी हात घातला. बोटाला पत्र्याची गोल कड लागायला हवी होती. लागला तो एक खडबडीत उंचवटा, आणि त्याच्या मधोमध बोट जाईल एवढं भगदाड. मी कड चाचपली, तसा त्या उंचवट्याचा एक तुकडा सुटून हातात आला.

उजेडात धरून पाहिला. दोन गोळे एकत्र मळून गळक्या टाकीला लावतात, तो मसाला होता. वाळून दगड झालेला. वरून इंजिनाच्या रंगाला जुळणारा रंग मारलेला. खालच्या बाजूला जुन्या डमीच्या गंजाचा पापुद्रा चिकटून आला होता. आणि रंगाच्या खाली, मसाल्यावर, दाबून बसवणाऱ्याचा अंगठा उमटला होता. त्या ठशात एक आडवी चीर होती.

आप्पांच्या उजव्या अंगठ्याला छिन्नी लागून तशी चीर पडलेली होती. लहानपणी बेंदराला ते आम्हाला मातीचे बैल करून देत. प्रत्येक बैलाच्या पाठीवर ती चीर उमटे. आम्ही भावंडं म्हणायचो, हा आमच्या घरचा बैल.

"घावलं का?" ताराबाईंनी विचारलं.

"बघते अजून," मी म्हणाले आणि तो तुकडा कामाच्या सदऱ्याच्या खिशात टाकला.

हे परत आले तेव्हा हिंदुरावांच्या हाताला मोठं बँडेज होतं. ते ताराबाईंशी बोलत असताना मी ह्यांना आत बोलावलं आणि तुकडा दाखवला. ह्यांनी तो हातावर उलटासुलटा केला. हे आप्पांच्याच हाताखाली शिकलेले. पाटणला आमच्या गॅरेजात चार वर्षं काम केल्यावर एक दिवस आप्पांनीच ह्यांच्या वडिलांकडे माझी गोष्ट काढली होती. तो ठसा कुणाचा, हे त्यांना विचारावं लागलं नाही.

"जुनी काढलीच नाही?"

"नाही."

"मामांनी?"

ह्यांनी तुकडा माझ्या हातात परत दिला, अगदी हळू, जसा काही तो अजून मोडायचा राहिलाय.

बाहेर हिंदुराव वाट बघत होते. "काय निघालं?"

"मागची डमी फुटलीय," हे म्हणाले.

"नवी? दिवाळीआधीची?"

ह्यांनी माझ्याकडं पाहिलं. मी पान्यांच्या फळीकडं बघत राहिले.

"होतं कधी कधी," हे म्हणाले. "मालच खराब निघतो. हल्लीचा पत्रा पूर्वीसारखा राहिला नाही."

हिंदुरावांचा चेहरा सैल झाला. "तरी मी हिला म्हणत हुतो, मिस्त्रींच्या कामात खोट असायची न्हाई. माल खराब, त्याला त्यांनी काय करायचं?"

माझ्या नवऱ्याला मी तोवर गिऱ्हाइकाशी खोटं बोलताना ऐकलं नव्हतं. एखादा पार्ट अजून सहा महिने चालेल असं असलं तर ते तसं सांगत, त्यात आपलं काम गेलं तरी. आणि आता माझ्या बापासाठी त्यांनी ते इतकं सहज केलं. मला तिथं उभं राहवेना. चहा टाकते म्हणून मी आत गेले.

चहा घेऊन येते तर हिंदुराव रस्त्यापलीकडच्या टेलिफोन बूथमधून परत येत होते.

"मिस्त्रींना निरोप धाडला," ते म्हणाले. "त्यांच्या शेजारच्या दुकानात फोन हाय न्हवं. म्हणलं, उद्या सकाळच्या गाडीनं या. त्यांनाबी दावू ही डमी. दुसऱ्या लोकांच्या गाडीत असला माल बसवला आसंल तर त्यांना कळाय नको?"

कपबशीतला चहा माझ्या बोटांवर सांडला.

साळुंखे नवराबायको होणाऱ्या व्याह्यांकडे मुक्कामाला गेले. आम्ही दोघांनी मॅनिफोल्ड उतरवला. एक बोल्ट गंजून घट्ट झाला होता, त्याला डिझेल पाजून पाजून हलवावा लागला. मग ह्यांनी मागच्या डमीच्या कडेवर छिन्नी धरून घाव घातला, ती भोकात आडवी फिरली, आणि पकडीनं ओढून काढली. वाटी कसली, गंजलेली चाळण होती ती. ह्यांनी ती मसाल्याच्या तुकड्यांसकट कागदात गुंडाळून कपाटात टाकली. मग मागच्या अंगणात भंगाराचा ढीग होता, तिथं जाऊन बराच वेळ काहीतरी धुंडाळत बसले. परत आले तेव्हा त्यांच्या हातात त्यातल्या त्यात नवी दिसणारी, कडेला चिरलेली एक डमी होती. ती त्यांनी घासूनपुसून जीपसमोरच्या पोत्यावर ठेवली.

"हे कशाला?" मी विचारलं.

"उद्या मामांच्या समोर काहीतरी असायला पाहिजे ना."

"आणि मामांना काय सांगणार?"

"त्यांना काय सांगायचं? ते बघतील आणि समजतील."

आप्पा सकाळच्या एसटीनं आले. धुतलेली टोपी, इस्त्रीचा शर्ट, हातात पिशवी. पिशवीत आईनं दिलेली वांगी होती, ती त्यांनी आधी माझ्याकडं दिली. पाठोपाठ साळुंखे नवराबायकोही आले. आप्पांची नजर सरळ बँडेजकडं गेली.

"लई भाजलं का हो?"

"हाय थोडं. बरं हुईल," हिंदुराव म्हणाले. "तुम्ही आधी ही डमी बघा. असला माल द्यायचा असतोय व्हय दुकानदारानं?"

आप्पा पोत्याजवळ वाकले. डमी उचलली, अंगठ्यानं तिची कड चाचपली, आतली बाजू उजेडाकडं धरली. आयुष्यभर डम्या ठोकलेला माणूस तो. ही आपण बसवलेली नाही, हे त्यांना हातात घेतल्याबरोबर कळलं असणार. त्यांनी मान वर करून जावयाकडं पाहिलं. हे दुसरीकडं बघत होते. मग माझ्याकडं पाहिलं. मी त्या वेळी नजर वळवू शकले असते. वळवली नाही, कारण मला अजून वाटत होतं की आता आप्पा काहीतरी बोलतील आणि सगळ्याचा उलगडा होईल. मसाला दुसऱ्याच कुणीतरी लावला असेल. ठसा दुसऱ्याच कुणाचा असेल.

"व्हय," आप्पा म्हणाले. "माल खराब दिसतोय."

ताराबाईंनी सुटकेचा श्वास टाकला. "हे म्हणतच हुते."

"नवी मी बसवतो," आप्पा शर्टाच्या बाह्या दुमडत म्हणाले. "पाव्हणं, तुम्ही ह्यांना चहाला घिऊन जा."

हे दोघांना घेऊन समोरच्या हॉटेलात गेले. गॅरेजात आप्पा आणि मी राहिलो. त्यांनी पॉलिश पेपरचा तुकडा फाडला आणि मागच्या भोकाची कड आतून घासायला लागले. मॅनिफोल्ड उतरवलेला होता, तरी त्यांचा रुंद पंजा तिथं अडखळत होता. मी दिवा धरून उभी होते.

"ती भंगारातली हाय न्हवं?" त्यांनी विचारलं.

"हो."

"आन् माझी?"

मी खिशातून तुकडा काढून त्यांच्यापुढं धरला. त्यांनी तो घेतला नाही. एकदा बघितला आणि पुन्हा घासायला लागले.

"मॅनिफोल्डचा एक बोल्ट गंजला हुता," ते म्हणाले.

"बघितला आम्ही. निघाला."

"तुटला असता तर?"

"तुटला असता तर ड्रिल मारून काढला असता. तुम्हीच शिकवलंय."

"हिंदुरावाला त्याच दिवशी गाडी पाहिजे हुती. खालनं अंगठा तेवढा पोचत हुता. म्हणलं, आत्ता भागवू. पुन्हा कवातरी बोलवून बदलू."

"मग बोलवलंत?"

"न्हाई."

कुठं फार मोठं कारण असेल, काही अडचण असेल, असं मला रात्रभर वाटत होतं. अडचण एक गंजका बोल्ट होती. मला त्यांचं ऐकून घ्यावंसं वाटेना आणि ते थांबावेत असंही वाटेना.

"लग्नाआधी तिथं तुझा हात जायचा," आप्पा म्हणाले. "मॅनिफोल्ड काढाय लागत नसे. तू आतनं धरायचीस, मी लांब दांडा लावून ठोकायचो. तू इकडं आल्यापासनं मागची डमी..."

पॉलिश पेपरचा आवाज थांबला.

"आप्पा, ही एकच ना?"

ते नव्या डमीची पुडी सोडायला लागले.

"आप्पा."

"एकच कशी आसंल, शैला?"

माझ्या लग्नाला तेव्हा सहा वर्षं होत आली होती. पाटणच्या खोऱ्यातल्या निम्म्या जीपा आमच्या गॅरेजात येत. पोरं शाळेला जायची त्या, देवाला जायच्या त्या, बाळंतिणीला कराडला न्यायच्या त्या. माझ्या डोळ्यांसमोरून त्या एकेक करून जायला लागल्या आणि प्रत्येकीच्या मागच्या अंगाला मला तो अंगठा दिसायला लागला.

आप्पांनी नव्या डमीच्या कडेला लेप लावला आणि ती भोकाशी धरली. त्यांच्या रुंद पंजात ती सरळ येईना. डमी तिरकी बसली तर पुन्हा गळणार. मी त्यांच्या हातातून ती घेतली, भोकाच्या तोंडाशी सरळ बसवली, आत बेतानं मावणारं सॉकेट लावून धरलं. आप्पांनी दांडा टेकवून हातोडीचे घाव घातले. घावाचा आवाज हळूहळू बदलत गेला आणि डमी बेताची आत जाऊन बसली. सहा वर्षांनी आम्ही दोघं तसं काम करत होतो. एरवी मला त्याचा किती आनंद झाला असता.

मॅनिफोल्ड चढवून, पाणी भरून, इंजिन चालू करून बघितलं. थेंबही नव्हता. तोवर बाकीचे परतले. हिंदुराव खुशीत होते. त्यांनी पोत्यावरची भंगारातली डमी उचलून खिशात घातली.

"ही मी नेतो. जाताना तसाच पुढं कराडला जातो आन् तुम्हाला माल देणाऱ्या त्या दुकानदाराच्या तोंडावर टाकतो. चार माणसांसमोर विचारतो त्याला, माणसं मारायचा धंदा काढलाय का म्हणून."

"हिंदुराव, द्या ती इकडं," आप्पा म्हणाले.

"का?"

"ती तुमच्या गाडीतली न्हाई."

"मग कुणाच्या?"

"जावयानं भंगारातनं काढून ठेवलीय. माझी अब्रू राखाय."

हे खाली बघायला लागले. त्यांच्या कानाच्या पाळ्या लाल झाल्या होत्या. ज्यांच्यासाठी ते खोटं बोलले, त्यांनीच ते खोटं गिऱ्हाइकासमोर उघडं केलं होतं.

"दुकानदाराचं काय न्हाई," आप्पा म्हणाले. "पुढच्या म्या बदलल्या. मागची बदललीच न्हाई. गंजलेल्या डमीवर मसाला लावला आन् वरनं रंग मारला. तुम्हाला सगळ्या बदलल्या म्हणून सांगितलं. तुमचा हात भाजला त्यो माझ्यामुळं."

हिंदुरावांनी बँडेजकडं पाहिलं, जसं काही ते आत्ताच कुणी बांधलं होतं. राग यायला माणसाला थोडा वेळ लागतो. मी त्याची वाट बघत होते. राग आला असता तर बरं झालं असतं.

बोलल्या त्या ताराबाई. आवाज न चढवता, वेणीफणी करताना बोलावं तशा.

"गाडी वळणावर बंद पडली, मिस्त्री. ह्यांचा हात भाजलेला. हँडब्रेक सुटाय लागला म्हणून ब्रेकवर पाय ठिवून बसलेले, पर गाडी मागं सरकत हुती. मागं दरी. मी उतरले आन् दगड शोधत हुते. मोठा दगड मला उचलंना. मी त्यो लोटत आणला आन् चाकाखाली घातला. ह्ये मी कालपासनं कुणाला सांगितलं न्हाई. पोरीचं लगीन जमलंय, त्यात वंगाळ कशाला बोला म्हणून."

आप्पा पायरीवर बसले. कुणी बसा म्हणालं नव्हतं.

"गाडी झाली का?" हिंदुरावांनी ह्यांना विचारलं.

"झाली."

ते जीपमध्ये चढले. ताराबाई चढताना माझ्याकडं बघतील असं वाटलं होतं. त्यांनी पदर सारखा केला आणि समोर बघितलं. जीप गेली. त्यानंतर हिंदुराव साळुंखे आमच्या पाटणच्या गॅरेजात कधी आले नाहीत, इथंही नाही. मुलीच्या लग्नाची पत्रिका मात्र आप्पांना पोस्टानं आली. आप्पा गेले नाहीत.

"मी दुपारच्या गाडीनं जातो," आप्पा ह्यांना म्हणाले. "शैलाला चार दिवस धाडाल का?"

"न्या," हे म्हणाले. एवढंच. ते माझ्या बापावर चिडले होते का, हे मी त्यांना त्या दिवशीही विचारलं नाही आणि पुढंही नाही. पण मी निघताना त्यांनी वेगवेगळ्या मापांच्या नव्या डम्यांची पिशवी माझ्या हातात दिली. दुकानात होत्या तेवढ्या सगळ्या.

ते चार दिवस कधीच संपले नाहीत म्हणायचे. पुढं वर्षभर मी जमेल तशी पाटणला जात राहिले. आप्पा मॅनिफोल्ड उतरवायचे, मी मागची डमी काढायचे. बहुतेक गाड्या मिळाल्या. काही विकल्या गेल्या होत्या, त्यांच्या मालकांचे पत्ते शोधावे लागले. गिऱ्हाईक तुटलं, ते तुटलंच. समोरच्या चौकात कुणी नवं गॅरेज घातलं, तिकडं गर्दी व्हायला लागली. आईनं आप्पांना त्यावरून कधी बोल लावला नाही, पण लग्नकार्यात बायका मला जवळ बसवून मुद्दाम वडिलांची चौकशी करायच्या. मी बरे आहेत म्हणायचे.

ह्या सगळ्यातला तो पहिलाच दिवस मला जास्त लक्षात आहे.

पाटणला उतरल्यावर घरी न जाता आप्पा सरळ पहिल्या घराकडं निघाले. म्हातारा जीपमालक ओसरीवर बसला होता. आप्पांनी उभ्यानंच सांगितलं, काय केलं ते, आणि गाडी घेऊन या म्हणाले. म्हातारा हसायला लागला. हसत हसतच त्यानं आतल्या माणसांना हाक मारली, या रे, महिपती काय सांगतोय ऐका, म्हणून. घरातली सगळी बाहेर आली आणि आप्पांना पुन्हा पहिल्यापासून सांगावं लागलं. मी सारवलेल्या जमिनीवरच्या रेघा बघत होते.

दुसऱ्या घरी काही बोलणंच झालं नाही. त्या माणसानं ऐकून घेतलं, आत जाऊन चहा सांगितला, आणि आम्ही तिघं तो चहा मुकाट्यानं प्यायलो. निघताना तो एवढंच म्हणाला, "ह्याच गाडीनं आईला शेवटी दवाखान्यात नेली हुती." त्याच्या आईला गाडीमुळं काही झालं नव्हतं. तरी तो तसं म्हणाला.

तिसरं घर यशवंत डुबलांचं. ते आप्पांचे शाळेपासूनचे दोस्त, माझ्या लग्नात पंगतीला वाढायला होते. फाटकाशी पोहोचल्यावर माझे पाय थांबले.

"आप्पा, मी इथंच थांबते."

त्यांनी मागं वळून बघितलं. मग बरं म्हणाले आणि आत गेले.

मी फाटकाबाहेर पांगाऱ्याच्या झाडाखाली उभी होते. आतून बोलणं ऐकू येत नव्हतं. नंतर हसण्याचा आवाज आला. डुबलकाकांचं हसणं, पहिल्या म्हाताऱ्यासारखं नव्हे, मोकळं. मला वाटलं, चला, निदान एकानं तरी समजून घेतलं. आप्पा बाहेर आले, त्यांच्या मागोमाग काका दारापर्यंत आले.

"शैला, बाहेर का गं उभी?" त्यांनी लांबूनच विचारलं. "नशीबवान हाईस बघ. असला बाप कुठं मिळतोय? न सांगता लोकांची काळजी करणारा."

मी हसले. त्यांनी हात केला. आम्ही ओढ्याकडच्या वाटेला लागलो. आप्पा झपाझप चालत होते. चौथं घर ओढ्यापलीकडं होतं. ओढ्यावरच्या फरशी पुलावर पोहोचल्यावर ते एकदम थांबले आणि पाण्याकडं तोंड करून उभे राहिले.

"काय झालं?"

"मी त्याला म्हणलं, नव्या चांगल्या डम्या आल्यात. ओळखीच्या लोकांच्या बदलून देतोय. एक दिवस गाडी आण."

खालून पाणी वाहत होतं. एक बाई पाटी घेऊन फरशीवरून आली, आम्ही बाजूला झालो, ती गेली.

"गाडी तर येणार ना," मी म्हणाले. "डमी तर बदलली जाणार."

"जाणार."

"मग?"

"तू संगं असलीस की नीट सांगता येतंय," आप्पा म्हणाले. अजूनही ते माझ्याकडं बघत नव्हते. "तू नसलीस की मी दुसरंच सांगतो."

त्यांनी टोपी काढली, झटकली, पुन्हा घातली. मग ते आल्या वाटेनं परत फिरले. मी त्यांच्या मागून चालले. फाटकाशी आल्यावर ते थांबले आणि मी पुढं होईपर्यंत थांबून राहिले. मी फाटक उघडलं.

डुबलकाकू अंगणातल्या कपबशा गोळा करत होत्या. काका खाटेवर आडवे झाले होते, ते उठून बसले.

"काय रं महिपती, काय राहिलं का?"

"व्हय," आप्पा म्हणाले. "राहिलंय." आणि मी त्यांच्या शेजारी येऊन उभी राहीपर्यंत ते पुढचं काही बोलले नाहीत.